जप्त पासपोर्ट परत मागताना

श्रोतेहो, नमस्कार.

आधी एक वाक्य सांगतो, तेवढं कानात राहू द्या. जप्त करणं वेगळं आणि अटकावून ठेवणं वेगळं. तपासासाठी पोलीस पासपोर्ट जप्त करू शकतात. तो अटकावून ठेवायचा अधिकार मात्र १९६७ च्या पासपोर्ट कायद्याच्या दहाव्या कलमाने पासपोर्ट अधिकाऱ्याला दिलाय. सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली सुरेश नंदा यांच्या प्रकरणात हे स्वच्छ सांगितलं. आणि अधिकाऱ्यानेही तुमचं म्हणणं ऐकून घ्यायला हवं. जुलै १९७७ मध्ये मनेका गांधींना सात दिवसांत पासपोर्ट जमा करायला सांगितलं आणि कारण द्यायला नकार दिला, त्यातून १९७८ चा तो मोठा निकाल आला. सात न्यायमूर्तींच्या त्या पीठात आपले पुण्याचे यशवंतराव चंद्रचूडही होते.

आता माझ्या एका अशिलाची गोष्ट. रत्नागिरी जिल्ह्यातला हा वेल्डर, दुबईत कामाला. गणपतीला रजा काढून आला आणि काजूच्या बागेतल्या बांधावरून चुलतभावाशी जुंपली. मारहाणीची तक्रार झाली. पोलीस घरी आले आणि आईच्या ट्रंकेतून, लुगड्यांच्या घडीखालून, पासपोर्ट घेऊन गेले. पंचनामा नाही, पावती नाही.

इथे थांबून सांगतोच. वडीलधारी माणसं हयात आहेत तोवर वाटणीपत्र करून नोंदवून घ्या हो. अर्ध्या कोकणाची पोरं बांधापायी कोर्टात बसलेली मी पाहिलीत, फार वाईट वाटतं.

तर हा पोरगा चार महिने पोलीस ठाण्यात खेटे घालत होता. साहेब बाहेर आहेत, उद्या या. सहा महिन्यांहून जास्त काळ बाहेर राहिलं की दुबईचा व्हिसा साधारणपणे रद्द होतो, आणि याच्याकडे उरले होते जेमतेम चाळीस दिवस. आईला घेऊन तो माझ्याकडे आला. माउली एवढंच म्हणाली, "वकीलसाहेब, पुस्तक कुठं आहे तेवढं तरी कळू दे."

आम्ही आधी ठाण्यात लेखी अर्ज दिला आणि आपल्या प्रतीवर आवक शिक्का घेतला. शिक्का लक्षात ठेवा. मग मॅजिस्ट्रेटकडे मुद्देमाल परत मिळण्याचा अर्ज, मराठीत. तालुक्याच्या कोर्टात मराठीतच अर्ज करावा, अशिलाला आपण काय मागतोय ते वाचता येतं.

सरकारी वकिलांचा 'से', म्हणजे लेखी म्हणणं, आला, आरोपी पळून जाईल. न्यायाधीशबाईंनी दोनच प्रश्न विचारले. पासपोर्ट अटकावून ठेवायचा प्रस्ताव पासपोर्ट कार्यालयाला पाठवलाय का? जप्तीचा पंचनामा कुठाय? तपास अधिकारी गप्प. पासपोर्ट ठाण्यात आहे याचा एकमेव कागद म्हणजे आमच्या अर्जावरचा तो शिक्का. पुढच्या तारखेला हुकूम झाला, बॉण्ड आणि जामीनदार घ्या, दुबईचा पत्ता घ्या, पासपोर्ट द्या. मुदतीला नऊ दिवस राहिले होते. पोराने पहिल्यांदा व्हिसाचं पान उघडून पाहिलं आणि पासपोर्ट आईच्या हातात दिला. मे महिन्यातल्या तारखेला तो स्वतःच्या खर्चाने हजर राहिला, हे मी अभिमानाने सांगतो.

तुमचा पासपोर्ट पोलिसांनी पासपोर्ट कार्यालयाकडे पाठवला असेल, तर तिथल्या नोटिशीला मुदतीत लेखी उत्तर द्या. निर्णय विरोधात गेला तर अकराव्या कलमाखाली अपील आहे, आणि त्यापुढे उच्च न्यायालय. जामिनाच्या अटीमुळे पासपोर्ट कोर्टात जमा असेल, तर त्याच कोर्टाकडे ठरावीक दिवसांसाठी मागा, जाण्यायेण्याच्या तारखा, तिकडचा पत्ता आणि परत येण्याचं हमीपत्र जोडून. आणि पासपोर्टच्या झेरॉक्स आजच काढून घरात दोन ठिकाणी ठेवा. अर्जात नंबर लिहावा लागतो, आणि तो सहसा कुणालाच पाठ नसतो.

नमस्कार.