मधेच थांबलेला पाक

श्रोतेहो, नमस्कार.

आज सुकामेव्याचे गोड बार घरी कसे भाजायचे ते सांगणार आहे. खाली खुसखुशीत बिस्किटाचा थर, वर पाकात घोळलेले बदाम, अक्रोड, काजू, आणि हे सगळं ओव्हनमध्ये. कागद-पेन्सिल घेऊन बसा. मोजमापं मी दोनदा सांगेन, कारण रेडिओला मागचं पान उलटता येत नाही.

टिन घ्या वीस सेंटिमीटरचा, चौकोनी. आत बटर पेपर लावा आणि तो दोन बाजूंनी चार बोटं बाहेर राहू द्या. शेवटी हेच दोन कान धरून अख्खी लादी उचलायची आहे.

खालच्या थराला १८० ग्रॅम मैदा, १२० ग्रॅम थंड बटर, ६० ग्रॅम पिठीसाखर. पुन्हा सांगते: मैदा १८०, बटर १२०, पिठीसाखर ६०. तीनास दोन, दोनास एक, असं लक्षात ठेवलं तरी चालेल. बटर बिनमिठाचं असेल तर चिमूटभर मीठ. बोटांच्या टोकांनी चोळा, मळू नका. टिनमध्ये दाबून बसवा, काट्यानं टोचे मारा आणि १८० अंशांवर अठरा ते वीस मिनिटं भाजा. कडा सोनेरी दिसल्या की बाहेर.

वाटीचं माप का देत नाही, असं विचाराल. अहो, एकाच घरातल्या दोन वाट्या सारख्या नसतात. वरून 'एक वाटी' म्हणजे सपाट की शीग लावून, यावर भांडण वेगळंच. वजनकाटा घ्या, एकदाच घ्यावा लागतो. मी तर म्हणते, लग्नात भेट म्हणून फुलदाण्या देण्यापेक्षा वजनकाटा द्यावा. असो.

सुकामेवा सगळा मिळून २५० ग्रॅम, म्हणजे पाव किलो. १६० अंशांवर आठ-दहा मिनिटं भाजून घ्या. त्याआधी एक अक्रोड तोंडात टाकून बघाच. अक्रोडात वजनाच्या निम्म्याहून जास्त, जवळजवळ ६५ टक्के तेल असतं, म्हणून तो लवकर खवट होतो, आणि एक खवट अक्रोड अख्ख्या लादीची चव घालवतो. भाजलेला मेवा कोमटच ठेवा. गार मेवा पडला की पाक जागच्या जागी घट्ट होतो.

आणि आता पाक. पण पाकाआधी एक गोष्ट. ती सांगितल्याशिवाय हा पाक मला आजवर सांगताच आलेला नाही.

मी नुकतीच निवेदिका म्हणून लागले होते. तिथे एक ज्येष्ठ निवेदक होते, त्यांना सगळे नुसतं 'सर' म्हणायचे. आवाज असा की त्यांनी हवामानाचा अंदाज वाचला तरी माणसं हातातलं काम थांबवून ऐकायची. उच्चारांच्या बाबतीत मात्र महाकडक. चमच्यातला च आणि चंद्रातला च, जगातला ज आणि जगण्यातला ज, यांत कुणी घोळ घातला की त्याला बाहेर कॉरिडॉरमध्ये नेऊन 'जगात जगायचं, जगात जगायचं' असं दहा वेळा म्हणायला लावायचे. मीही म्हटलंय. आणि ते बरोबरच होतं असं माझं अजूनही मत आहे. हल्ली कुणी टोकतच नाही, त्यामुळे चमच्याचा पार चंद्र होऊन बसलाय.

तर अशा माणसावर छाप पाडायची म्हणून मी रात्री जागून बार केले. रंग सुरेख आला होता, कापताना थोडा जोर लागला एवढंच. सकाळी डबा घेऊन गेले. स्टुडिओत खायला बंदी, आणि ती पाळायला लावणारे सरच. म्हणून मी त्यांना कॉरिडॉरमध्ये गाठलं. श्रोत्यांच्या पत्रांना उत्तरं द्यायचा त्यांचा कार्यक्रम थेट प्रसारित व्हायचा, त्याला तीन मिनिटं होती.

"काय आहे हे?"

"बदाम-अक्रोडाचे बार, सर. घरी केलेत."

"मऊ आहेत?"

"हो, हो. एकदम मऊ."

त्यांनी घड्याळाकडे पाहिलं, एक बार उचलला आणि दाढेखाली धरला. मी वाट बघत होते, छान म्हणतील, आणखी एक घेतील. सर काहीच बोलेनात. मग भुवया वर गेल्या. मग एक हात हनुवटीखाली गेला. वरची दाढ आणि खालची दाढ यांची माझ्या पाकानं गाठ मारली होती. तोंड उघडेना. जोर लावावा तर दातातलं सिमेंट निघायची भीती, आणि सरांच्या तोंडात, हे मला नंतर कळलं, नुकतीच बसवलेली एक कॅप होती.

दोन मिनिटं राहिली. मग एक. सर ताठ मानेनं आत गेले, खुर्चीत बसले, पत्रांचा गठ्ठा नीट केला. त्यांना वाटलं असावं, तेवढ्यात सुटेल. लाल दिवा लागला. काचेपलीकडून ध्वनिमुद्रकानं हात खाली केला. आणि सगळ्या श्रोत्यांना ऐकू गेलं, "म्मं... म्म्म."

ध्वनिमुद्रकाचा चेहरा पांढरा पडला. त्याला वाटलं, सरांना काहीतरी झालं. त्यानं माइक बंद केला, हाताला लागली ती बासरीची रेकॉर्ड लावली आणि धावत आत आला. सर बोट दाखवतायत माझ्या डब्याकडे, तो बघतोय सरांच्या छातीकडे. शेवटी मीच ओरडले, "अहो, माझा पाक आहे तो! दाताला चिकटलाय!"

मला खुर्चीत ढकललं गेलं. बासरी उतरली, दिवा पुन्हा लागला, आणि माझ्यासमोर पहिलंच पत्र आलं. एका श्रोत्याची तक्रार होती: 'हल्लीचे निवेदक शब्द खातात.' हे मी पदरचं घालून सांगते असं माझ्या घरचे म्हणतात. म्हणू देत. मी ते पत्र वाचलं आणि उत्तर काय द्यावं ते न सुचून 'सूचनेची नोंद घेतली आहे' म्हणाले. माझं पहिलं थेट प्रसारण ते.

सर तोवर कॉरिडॉरमध्ये कोमट पाण्याचे घोट गालात धरून बसले होते. साखर कोमट पाण्यात विरघळते, एवढा साधा उपाय. पंधरा मिनिटांत गाठ सुटली. कॅप वाचली.

मला वाटलं, आता माझी नोकरी गेली. दुसऱ्या दिवशी सरांनी बोलावलं. म्हणाले, "बाई, मी घरी चौकशी केली. मधेच थांबलात तुम्ही. एक तर आधी थांबा, नाही तर पुढे जा."

श्रोतेहो, पाकाचं सगळं शास्त्र यात आलं. पाक उकळतो तेव्हा त्यातलं पाणी उडतं, आणि पाणी जितकं कमी तितका तो गार झाल्यावर कडक. नुसत्या साखरेचा पाक ११५ अंशांच्या आसपास मऊ गोळीबंद असतो, तेव्हा त्यात साधारण पंधरा टक्के पाणी उरलेलं असतं. १५० अंशांवर जेमतेम एक टक्का उरतं. तिथे तो काचेसारखा कटकन तुटतो, दाताला चिकटत नाही. घात होतो तो मधल्या टापूत, १३० ते १४५ अंशांमध्ये. पाक धड मऊ नाही, धड कुरकुरीत नाही, दाढ धरून बसतो. माझा नेमका तिथे अडकला होता. कारण मी गॅसवर तो पुरता शिजवला आणि वर पुन्हा ओव्हनमध्ये घातला. पाणी दोनदा उडालं. एकदा गॅसवर, एकदा ओव्हनमध्ये.

म्हणून गॅस लवकर बंद करा. बाकीचं काम ओव्हन करतो. हे पुन्हा सांगते, पाकाचा गॅस लवकर बंद करा.

तर पाक असा: बटर ७५ ग्रॅम, साखर ७५ ग्रॅम, मध ७५ ग्रॅम. तिन्ही पंचाहत्तर. आणि दोन मोठे चमचे साय किंवा क्रीम. मध वगळू नका, त्यामुळे साखरेचे खडे धरत नाहीत. मंद आचेवर साखर विरघळू द्या, मग उकळी, आणि उकळी आल्यापासून फक्त दोन मिनिटं. थंड पाण्यात थेंब टाकलात तर जेमतेम मऊ गोळी व्हावी. थर्मामीटर असेल तर ११२ अंशांपुढे जाऊ नका. लहान मुलांना या वेळी ओट्यापासून लांब ठेवा, उकळता पाक कातडीला चिकटून राहतो. गॅस बंद, मेवा आत, ढवळा, भाजलेल्या थरावर पसरा आणि पुन्हा १८० अंशांवर पंधरा ते अठरा मिनिटं. बुडबुडे कडेलाच नाही, मध्यभागीही दिसले पाहिजेत.

तुमचा ओव्हन खरं बोलतो का, याची शंका असेल तर चमचाभर साखर फॉइलवर ठेवून बघा. साखर सुमारे १८६ अंशांना वितळते. ओव्हन १७५ वर लावलाय आणि पाव तासात साखरेचं पाणी झालं, तर तो आतून जास्त तापतोय.

बाहेर काढल्यावर सगळ्यांना घाई होते. कोमट होईपर्यंत थांबा, कागदाचे कान धरून उचला, सुरीला तेलाचं बोट लावा आणि एका दमात दाबून कापा. पूर्ण गार झाल्यावर कापलंत तर चुरा होतो, गरम असताना कापलंत तर लोळ. वर चॉकलेट ओतायचा मोह होईल. ओता बापडे, पण मग बदाम भाजण्याचे कष्ट कशाला घेतलेत?

हवाबंद डब्यात, थरांमध्ये कागद घालून ठेवा. आणि कुणाला देण्याआधी सुकामेवा चालतो ना, हे विचारा. काहींना त्याची ॲलर्जी असते आणि ती गमतीची गोष्ट नव्हे.

सरांना पुढच्या वेळचे बार आवडले. दोन खाल्ले, पण कार्यक्रम संपल्यावर.

राहिलं पातेलं. तळाला लागलेला पाक सुरीनं खरवडू नका, घासणीचा जीव घेऊ नका. गरम पाणी ओता आणि पंधरा मिनिटं तसंच बसू द्या. सरही तेवढंच बसले होते.

नमस्कार.