उसगावकरांची वर्षा

रात्रीचे अकरा वाजून गेलेत. देवळासमोरच्या मांडवात पायपेटीचा सूर लागलाय, दर्शनी पडदा अजून खाली आहे. फोंडा, पेडणे, डिचोली, कुठल्याही गावच्या जत्रेला या, हेच दिसेल. सकाळी मासळीच्या भावावरून कोकणीत घासाघीस करणारा माणूस रात्री संभाजी होऊन अस्खलित मराठीत गर्जतो, आणि त्यात कुणालाच काही वेगळं वाटत नाही. अभिनेत्री वर्षा उसगावकरांची गोष्ट या मांडवापासूनच सुरू करायला हवी.

आडनावातच गाव आहे, फोंड्याकडचं उसगाव. वडील गोव्याचे मंत्री होते, विधानसभेचे उपसभापतीही. १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलात गोव्याने महाराष्ट्रात विलीनीकरण नाकारलं, वेगळं राहायचं ठरवलं. जत्रेतलं नाटक मात्र मराठीच राहिलं. त्यानंतर वर्षभराने जन्मलेली ही मुलगी.

नाटकवेडा असला तरी गोव्यातला प्रतिष्ठित माणूस नाटक बघायला पुढच्या रांगेत बसायचा. लेकीला रंगमंचावर पाठवायचं म्हटलं की विचारात पडायचा. गावच्या नाटकात नटी बाहेरून बोलवायची रीत होती. गावच्या मुली समोर चटईवर. हे ठाऊक असलं, की मंत्र्याच्या मुलीने तोंडाला रंग लावणं केवढी गोष्ट होती ते कळतं.

मराठी प्रेक्षकांनी तिला आधी पाहिलं ते नाटकात. ‘ब्रह्मचारी’, सोबत प्रशांत दामले. मूळ गोष्ट अत्र्यांची. याच नावाच्या १९३८ च्या चित्रपटात मीनाक्षी शिरोडकरांनी पोहण्याचा पोशाख घातला होता आणि महाराष्ट्रभर खळबळ उडाली होती.

मग १९८७, ‘गंमत जंमत’. सचिन आणि अशोक सराफ. विनोदाच्या वेळेचे हे दोन पक्के मानकरी, आणि त्यांच्यामध्ये उभी राहिलेली, पळवून आणलेली श्रीमंत घरची मुलगी. विनोदी चित्रपटात नायिका बहुतेक वेळा शोभेपुरती असते. वर्षा तशी राहिली नाही. ‘मी आले, निघाले’ हे गाणं लागलं, की आजही लग्नाच्या हॉलमध्ये मावश्या-काकवा उठून नाचतात, ते उगाच नाही.

पण आम्हा गोवेकरांची खरी आठवण रविवार सकाळची. बी. आर. चोप्रांचं ‘महाभारत’. वाड्यावर एखाद्याच घरी टीव्ही, दारात चपलांचा ढीग. विराटाच्या महालात बृहन्नडेकडून नाच शिकणारी उत्तरा पडद्यावर आली आणि मागून एक आजी ओरडली, “अगो, ही आमची वर्षा न्हय गो?” पुढे काही रविवार गेले आणि तीच उत्तरा अभिमन्यूच्या प्रेतापाशी बसली. ओरडणारी आजी तेव्हा पदराने डोळे पुसत होती. अल्लड पोर ते पोटात बाळ असलेली विधवा, हा सगळा प्रवास थोड्याशाच प्रसंगांत दाखवायचा होता.

हिंदीत ‘दूध का कर्ज’, ‘तिरंगा’ असे चित्रपट आले. नाव झालं, पण तिथे अभिनयाला वाव थोडाच होता, असं मला वाटतं. दूरदर्शनवर झाशीच्या राणीची भूमिका मिळाली, ती मात्र तिच्या तोलाची.

आणि १९९२ चा ‘एक होता विदूषक’. दिग्दर्शक जब्बार पटेल, लेखन पु. ल. देशपांडे, गाणी ना. धों. महानोरांची. तमाशातला सोंगाड्या सिनेमाचा नट होतो, आणि त्याच्या आयुष्यात मेनका नावाची नटी येते. लक्ष्मीकांत बेर्डेंच्या अभिनयावर पुष्कळ लिहिलं गेलं आणि ते योग्यच आहे. पण मेनका पुन्हा बघा. एका चमकत्या नटीने दुसऱ्या चमकत्या नटीची भूमिका करायची आणि त्या झगमगाटाखालची माणसं दाखवायची, हे सोपं नाही. त्या कामाची दाद अजून द्यायची राहिली आहे.

२०२० मध्ये ‘सुख म्हणजे नक्की काय असतं!’ या मालिकेतून ती रोज घराघरांत आली, नंदिनी शिर्के-पाटील म्हणून. तोवर ‘गंमत जंमत’ला तेहतीस वर्षं झाली होती. नायिकेच्या जागेवरून सासूच्या जागेवर येणं अनेकींना जड जातं. तिने पदर खोचला आणि कामाला लागली. २०२४ मध्ये ‘बिग बॉस मराठी’च्या घरात, निम्म्या वयाच्या मुलांबरोबरही राहिली.

मध्ये एकदा कोकणी चित्रपटातही काम केलं. रंगमंचावर मराठी आणि घरात कोकणी, अशा मुलखातली ही नटी. त्या दिवशी कॅमेऱ्यासमोर घरची भाषा होती.