होमर डडली : गुणगुण, फुसफुस आणि दहा गाळण्या

कंठमण्यावर बोट ठेवा आणि लांब ‘झ्झ्झ’ म्हणा. मग ‘स्स्स’ म्हणा. पहिल्या वेळी बोटाला कंप जाणवतो, दुसऱ्या वेळी नाही. पहिली गुणगुण, दुसरी फुसफुस. होमर डडली यांचं सगळं काम या फरकावर उभं आहे.

डडलींचा जन्म 1896 सालचा, अमेरिकेतल्या व्हर्जिनियातला. पुढे ते बेल लॅब्ज या टेलिफोन संशोधनाच्या प्रयोगशाळेत अभियंता झाले. 1928च्या सुमाराला त्यांनी एक अवघड प्रश्न हाती घेतला : अटलांटिकच्या तळाशी असलेल्या तारायंत्राच्या केबलमधून माणसाचं बोलणं पाठवता येईल का? टेलिफोनवरच्या बोलण्याला सुमारे 3000 हर्ट्‌झचा, म्हणजे सेकंदाला तितक्या कंपनांचा, पट्टा लागतो. केबलमध्ये मिळत होते जेमतेम 100.

डडलींनी पाहिलं, की शब्द घडवतात ते ओठ, जीभ आणि जबडा, आणि हे अवयव तसे संथच हलतात. वेगवान असतो तो स्वरतंतूंचा कंप. पण तो नुसता वाहक. मग तो पाठवायचाच कशाला? पलीकडे यंत्रानं तयार करावा!

यातून व्होकोडर घडला. बोलणाऱ्याचा आवाज दहा गाळण्यांतून (फिल्टरांतून) उंच-खालच्या कंपनसंख्यांच्या दहा पट्ट्यांत वाटायचा. प्रत्येक पट्ट्यात क्षणोक्षणी किती जोर आहे तेवढंच मोजायचं; त्याला 25 हर्ट्‌झ पुरतात. अकरावी वाहिनी सुराच्या उंचीची. सगळं मिळून सुमारे 300 हर्ट्‌झ. केबलसाठी हेही जास्तच होतं, पण मूळच्या एक दशांशावर आलं होतं. पलीकडे यंत्र सूर असेल तर गुणगुण, नसेल तर फुसफुस निर्माण करी आणि तशाच दहा गाळण्यांतून सोडी.

घोटाळा व्हायचा तो सूर मोजताना. मोजणीत दुप्पट कंपनसंख्या पकडली गेली, की भारदस्त आवाज एकदम चिरका होतो. क्षीण स्वराला यंत्रानं फुसफुस मानलं, की त्याची कुजबुज होते.

1939च्या न्यूयॉर्क जागतिक प्रदर्शनात लोकांनी पाहिला तो व्होडर, डडलींचंच कळांनी बोलणारं दुसरं यंत्र. त्यात बोलणारा माणूसच नव्हता. होती ती यंत्र चालवणारी तरुणी. मनगटाखालच्या पट्टीनं ती गुणगुण की फुसफुस ते ठरवी, दहा बोटांनी दहा गाळण्या उघडी. प, त, क यांसारख्या स्फोटक ध्वनींना वेगळ्या कळा होत्या आणि सुराचा चढउतार पायाखालच्या पेडलवर. निवेदक विचारी, “तुला कोणी पाहिलं?” यंत्र ‘शी सॉ मी’ (तिनं मला पाहिलं) यातल्या ‘शी’वर जोर देई. “तिनं कोणाला पाहिलं?” आता जोर ‘मी’वर. कळा त्याच, फरक सारा पेडलचा. नीट बोलतं करायला या चालकांना सुमारे वर्षभर सराव लागे, आणि त्यात नवल नाही : तोंड सहज करतं ते सगळं त्या हातापायांनी करत होत्या.

दुसऱ्या महायुद्धात व्होकोडरला खरं काम मिळालं. 1943 साली सुरू झालेल्या सिगसॅली या गुप्त दूरध्वनी यंत्रणेत दहा पट्ट्यांचा जोर सेकंदाला 50 वेळा मोजून सहा पायऱ्यांच्या अंकांत बसवत. सुराला सहा पायऱ्या पुरेनात, म्हणून त्याला दोन वाहिन्या दिल्या. 6 गुणिले 6, म्हणजे 36 पायऱ्या झाल्या. त्या अंकांत तबकडीवर मुद्रित केलेल्या गोंगाटाचे अंक मिसळत. ते पुन्हा वजा करायला तशीच तबकडी पलीकडेही फिरे. दोन्हींची लय चुकली, की ऐकू येई निव्वळ खरखर.

पुढे बेल लॅब्जमध्येच कानपूरच्या बिष्णू अटल यांनी गाळण्यांऐवजी आवाजाच्या आधीच्या मोजलेल्या नमुन्यांवरून पुढच्या नमुन्याचा अंदाज बांधायची पद्धत विकसित केली. तिच्यावर बेतलेल्या एलपीसी-10 या, आवाज अंकांत मांडायच्या मानकात दर 22.5 मिलिसेकंदांच्या आवाजाला 54 बिट मिळतात. त्यातले 7 बिट सूर किती आणि गुणगुण की फुसफुस, एवढंच सांगण्यासाठी राखलेले आहेत.