हुकूम झाला, पैसे कुठायत?

अध्यक्ष, आयोजक मंडळी आणि पहिल्या रांगेतले समस्त सासरे, नमस्कार. (हशा)

पत्रिकेत विषय छापलाय, ‘विभक्त पत्नीची पोटगी आणि नवी संहिता’. तिकडे येतेच. पण त्यात नवं फारसं काही नाही, हे आधीच सांगून टाकते. 1 जुलै 2024 पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं पोटगीचं कलम 125 नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत 144 झालं, एवढंच. आमच्या वकिलांच्या बारमध्ये अजून सगळे ‘वन ट्वेंटी फाइव्ह’च म्हणतात. मला बोलायचंय वसुलीबद्दल. आपल्याकडे पोटगीचा हुकूम मिळतो, पोटगी मिळत नाही.

आमच्या तालुक्याला फॅमिली कोर्ट नाही, ही प्रकरणं फौजदारी कोर्टातच चालतात. तिथे एका पक्षकार बाईंचा नवरा उलटतपासणीला उभा होता. ‘साहेब, मला कामधंदा नाही.’ नोटीस लागल्यावर महिन्याभरात त्याची जमीन भावाच्या नावावर गेली होती. सातबारा कोरा, माणूसही कोरा. पायात मुद्दाम रबरी चप्पल. हा पोटगीच्या तारखेचा गणवेश असतो. बुलेट बाहेर लावून आत चप्पल घालून येणारे मी पाहिलेत.

या बाईंनी मात्र कॅरीबॅग भरून डेअरीच्या पावत्या आणल्या होत्या. सकाळ-संध्याकाळ, लिटर, फॅट, एसएनएफ, दर. कलमं त्यांना ठाऊक नव्हती, पण कुठल्या म्हशीला किती फॅट लागते हे तोंडपाठ. खातं सासूच्या नावावर. मी विचारलं, ‘म्हशी कुणाच्या?’ ‘आईच्या.’ ‘आईचं वय?’ ‘ब्याऐंशी.’ ‘धार कोण काढतं?’ गडी गप्प. ‘डेअरीला दूध कोण घालतं?’ ‘मीच घालतो, पण ते आपलं येता-जाता.’ न्यायाधीशांनी तोंडाला रुमाल लावला.

महिना चार हजारांचा हुकूम झाला. पेढे वाटू का, असं बाईंनी विचारलं. म्हटलं, थांबा जरा. आणि पुढे एक पैसा आला नाही. वॉरंट काढलं, ते परत आलं. शेरा काय? ‘मिळून आला नाही.’ अहो, रोज संध्याकाळी सहाला तो संकलन केंद्रावर रांगेत उभा असायचा, अख्ख्या गावाला मिळून यायचा!

आता माझं म्हणणं ऐका. दूध बिलातून पशुखाद्याचे पैसे कापतात की नाही? ऊस बिलातून सोसायटीचं कर्ज शेतकऱ्याच्या हातात पैसे पडण्याआधी वळतं होतं की नाही? तेव्हा कुणी वॉरंट घेऊन हिंडत नाही. मग पोटगी तिथेच का कापू नये? पगारदाराचं बरं आहे. दिवाणी कायद्यात पोटगीच्या वसुलीसाठी पगाराचा एक तृतीयांश भाग सोडून बाकीचा जप्त होऊ शकतो. दूधवाल्याचं, ऊसवाल्याचं, ठेकेदाराचं काय? आमदारांना मी हे तीनदा... बरं, ते जाऊ द्या. चिठ्ठी आली, पाच मिनिटं म्हणतायत.

तर छापलेला विषय. जुन्या, 1973 च्या संहितेत पोटगीला महिना पाचशेची मर्यादा होती. महाराष्ट्राने 1999 मध्ये ती पंधराशे केली, 2001 मध्ये केंद्राने मर्यादाच काढून टाकली. तेव्हा ‘जास्तीत जास्त किती मिळतात’ हे विचारू नका. घटस्फोटितेलाही मागता येते, दुसरं लग्न केलेलं नसेल तर. जात-धर्म आड येत नाही, हे 1985 च्या शहाबानो निकालापासून ठाऊक आहे आणि 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुस्लिम घटस्फोटितेबाबत ते पुन्हा सांगितलं. अर्ज ती जिथे राहते तिथेही करता येतो, सासरच्या गावी खेटे घालायची गरज नाही. अंतरिम, म्हणजे निकाल लागेपर्यंतच्या पोटगीचा अर्ज नोटीस बजावल्यापासून शक्यतो 60 दिवसांत निकाली काढायचा असतो. ‘शक्यतो’ या शब्दावर आमची अर्धी वकिली चालते.

4 नोव्हेंबर 2020 चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल, नागपूरहून गेलेल्या प्रकरणातला, तो लक्षात ठेवा. दोघांनीही उत्पन्न, मालमत्ता, देणी प्रतिज्ञापत्रावर द्यायची आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून धरायची. बायको कमावते एवढ्यावर अर्ज उडत नाही, रक्कम कमी-जास्त होते. ‘नांदायला ये’ असा कोर्टाचा हुकूम नवऱ्याने आणला, म्हणूनही पोटगी आपोआप बंद होत नाही. तसं 2025 च्या जानेवारीत ठरलं. मात्र दोघं आपखुशीने वेगळे राहत असतील किंवा ती सबळ कारणाशिवाय नांदायला नकार देत असेल, तर या कलमाखाली मिळत नाही. नवऱ्याने दुसरी केली असेल, तर ते सबळ कारण आहे.

आणि थकबाकी! वॉरंटसाठी अर्ज रक्कम देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत करावा लागतो. इथेच बायका फसतात, ‘देईल, देईल’ म्हणत दोन-दोन वर्षं थांबतात. थकवणाऱ्याला महिन्यापर्यंत कैद होऊ शकते आणि आत जाऊन आला म्हणून पैसे फिटत नाहीत, हे 1989 पासून ठरलेलं आहे. हो, हो, थांबते. प्रश्न असतील तर खाली चहाच्या टेबलाशी या, पण पावत्या घेऊन या.