गरिबी मोजताना किती दिवस मागे जायचं?

श्रोतेहो, नमस्कार. आपल्या देशात गरिबी मिळकतीवरून नाही, घरखर्चावरून मोजतात. शेतमजुराला वर्षाची मिळकत नेमकी सांगता येत नाही. घरात काय लागलं, ते सांगता येतं. म्हणून राष्ट्रीय नमुना पाहणीचा (निवडक घरांना विचारून देशाचा अंदाज बांधणाऱ्या सरकारी पाहणीचा) अन्वेषक एका चुलीवर जेवणारी माणसं एक कुटुंब धरतो आणि एकेक जिन्नस विचारतो. विकतचं किती, रेशनचं किती, घरच्या शेतातलं किती. घरच्या ज्वारीलाही शेतावरचा भाव लावतात. बेरजेला माणसांनी भागलं की दरडोई मासिक खर्च. तो दारिद्र्यरेषेच्या खाली असला, की कुटुंब गरीब.

आता, किती दिवसांचा खर्च विचारायचा? सात की तीस? इथेच सगळी मेख आहे.

पन्नाशीच्या दशकात महालनोबिस आणि सेन या संख्याशास्त्रज्ञांनी घरात लागलेल्या अन्नाचं प्रत्यक्ष वजन करून पडताळा घेतला. तीस दिवसांचं उत्तर वजनाच्या जवळ आलं, सात दिवसांचं फुगलेलं निघालं. मग वर्षानुवर्षं तीस दिवसच चालले. टीका होत राहिली, की महिनाभराचं कुणाला आठवतं? तेव्हा १९९४ ते १९९८ या काळात काही घरांना जुनी प्रश्नपत्रिका आणि काही घरांना नवी, असा प्रयोग झाला. नव्या पत्रिकेत अन्नासाठी सात दिवस होते. सात दिवसवाल्यांचा खर्च इतका जास्त आला, की मोजलेली गरिबी जवळपास निम्मी झाली. देश तोच, वर्षं तीच, आणि जवळपास वीस कोटी माणसं नुसत्या प्रश्नामुळे रेषेच्या वर! कारण रेषेच्या आसपास माणसांची दाटी आहे. खर्चाचा आकडा थोडा सरकला, की कोट्यवधी इकडचे तिकडे.

चूक दोन्हीकडे होते. तीस दिवसांत माणूस विसरतो. सात दिवसांत दहा दिवसांपूर्वीचं मटणही ‘याच आठवड्यात’ म्हणून सांगतो. (हळदमोहरीचा हिशेब घरधन्याला विचारू नये, तंबाखूचा त्याच्या बायकोला विचारू नये. पाहणीचं यश निम्मं इथेच ठरतं. पण नाव अर्थतज्ज्ञाचं होतं, पायपीट करणाऱ्या अन्वेषकाचं नाही.)

पुढची गंमत १९९९-२००० ची. यावेळी त्याच घराला दोन्ही विचारलं, सात दिवस आणि तीस दिवस, शेजारशेजारच्या रकान्यांत. आठवड्याला अर्धा किलो तेल सांगितलं, की महिन्याला दोन किलो सांगावंच लागतं. तीस दिवसांचं उत्तर सात दिवसांच्या उत्तराकडे ओढलं गेलं. शिवाय कपडे, चपला, शिक्षण यांसाठी फक्त ३६५ दिवस ठेवले. महिन्याभरात गरीब घरात कपडा येतच नाही, उत्तर शून्य. वर्षात काहीतरी येतंच. तेवढ्यानेही तळच्या घरांचा खर्च वर गेला.

ग्रामीण गरिबी १९९३-९४ मध्ये ३७.३ टक्के होती, ती १९९९-२००० साठी २७.१ जाहीर झाली. अर्थतज्ज्ञ ॲंगस डीटन यांनी (२०१५ चं नोबेल त्यांना मिळालं) साधी वाट शोधली. जळण, दिवाबत्ती, किरकोळ औषधपाणी यांचा प्रश्न पाहणीच्या सगळ्या फेऱ्यांत तीस दिवसांचाच होता. तो खर्च आणि एकूण खर्च यांचं जुनं नातं पक्कं धरून त्यांनी हिशेब मांडला. ग्रामीण गरिबी ३०.२ टक्के आली. म्हणजे घट खरी, पण जाहीर झाली तेवढी नाही. दशांश चिन्हानंतरच्या आकड्यावर भांडणाऱ्यांनी हा फरक भिंतीवर लिहून ठेवावा.

पुढे तोडगा निघाला तो जिन्नसानुसार. भाजी, फळं, तेल, अंडी, मासे, मटण, मसाले यांना सात दिवस; धान्य, डाळी, साखर, दूध यांना तीस; कपडे आणि टिकाऊ वस्तूंना ३६५.

२०२२-२३ मध्ये आणखी एक बदल झाला. एकाच बैठकीऐवजी तीन महिन्यांत तीन वेगळ्या भेटी, तीन वेगळ्या पत्रिका. दरडोई मासिक खर्च आला ग्रामीण भागात ३७७३ रुपये, शहरात ६४५९. हे आकडे २०११-१२ च्या आकड्यांशेजारी ठेवून गरिबी इतकी घटली म्हणून कुणी सांगितलं, तर त्याला आधी विचारा: प्रश्न कसा विचारला होता, आणि किती भेटींत?