गवसणी कशाची?

श्रोतेहो, नमस्कार.

आज मी आपल्याशी एकाच शब्दाविषयी बोलणार आहे. तो शब्द आहे गवसणी. 'आकाशाला गवसणी घालणे' हा वाक्प्रचार आपण सर्वांनी शाळेत पाठ केला, वाक्यात उपयोग करून दाखवला आणि त्याचे गुणही मिळवले. परंतु गवसणी ही हातात धरता येणारी एक वस्तू आहे, ती शिंप्याकडून शिवून घ्यावी लागते, तिला अस्तर असते, तिला बंद असतात आणि वर्षातून एकदा ती धुऊन वाळत घालता येते, हे मात्र आपल्यापैकी थोड्याच जणांनी जवळून पाहिले असेल. ज्यांच्या घरी तंबोरा, वीणा किंवा पखवाज आहे त्यांनी ते पाहिले आहे, आणि मी काय सांगणार आहे हे त्यांना एव्हाना कळलेही असेल.

गवसणी म्हणजे वाद्यावर घालायचे, त्या वाद्याच्या मापाने बेतून शिवलेले कापडी आच्छादन. पुन्हा सांगते, त्या वाद्याच्या मापाने बेतून शिवलेले. या शब्दाचा सगळा जीव या मापात आहे.

वस्तू झाकण्याच्या बाबतीत आपली भाषा फार काटेकोर आहे. उशीला आपण अभ्रा घालतो, गादीला खोळ घालतो, तलवार म्यानात ठेवतो, पोथी बासनात बांधतो आणि बेंदराला बैलाच्या पाठीवर झूल टाकतो. यातला एक शब्द उचलून दुसऱ्याच्या जागी ठेवला तर घरातले लहान मूलसुद्धा हसेल. याच कुळातला आणखी एक शब्द म्हणजे पाखर. युद्धात घोड्याच्या किंवा हत्तीच्या अंगावर जे चिलखत चढवीत, ती पाखर. आज आपण 'मायेची पाखर' म्हणतो तेव्हा आपल्या डोळ्यांसमोर पिलांवर पंख पसरून बसलेली पक्षीण येते, आणि ते चित्र सुंदरच आहे. परंतु ज्यावर वार बसणार आहेत त्या जनावराच्या अंगावरचे चिलखत डोळ्यांसमोर आणून हा शब्द पुन्हा उच्चारून पाहा, म्हणजे त्यातल्या मायेला किती वजन आहे ते जाणवेल. पाखर या शब्दावर कधीतरी स्वतंत्रपणे बोलायला हवे. आज गवसणी.

कोल्हापूरकरांना हा शब्द परका असण्याचे कारण नाही. शाहू महाराजांच्या दरबारी उस्ताद अल्लादिया खाँसाहेब होते, देवल क्लबमध्ये पिढ्यान्‌पिढ्या गाणे शिकवले गेले, आणि तंबोरे घडवणारी मिरज येथून सुमारे ५० किलोमीटरवर आहे. कोल्हापूर आणि मिरज यांच्यामध्ये १८९१ पासून रेल्वे धावते आहे. त्या गाडीने किती तंबोरे कोल्हापुरात उतरले असतील याची मोजदाद कोणी केलेली नाही, परंतु आमच्या घरचा तंबोरा त्याच गाडीने आला, आणि त्याची हकीकत सांगितल्याशिवाय मला गवसणीचा अर्थ सांगता येणार नाही.

तंबोरा माझ्या आत्तीचा. मी तेव्हा नऊ-दहा वर्षांची होते. शिवाजी पेठेत आमचे घर होते आणि माडीवरच्या खोलीत आत्ती पहाटे रियाजाला बसत असे. मिरजेच्या कारागिरांनी तंबोरा एका जुन्या चादरीत गुंडाळून दिला होता आणि निघताना आत्तीला बजावले होते की पाऊस लागायच्या आत याला गवसणी शिवून घ्या. तंबोऱ्याचा भोपळा वाळलेला असतो आणि त्याचे कवच पातळ असते, त्यामुळे दाराच्या चौकटीचा एक धक्का त्याला चिरायला पुरतो. आपल्याकडच्या पावसाळी हवेत लाकूड फुगते आणि तारा गंजतात. घोडीवर, म्हणजे तारा ज्या पट्टीवर टेकतात तिच्यावर, धूळ बसली की जवारी, म्हणजे तारेचा गुंजणारा झंकार, बिघडते आणि तार बोलेनाशी होते. हे सगळे आत्तीला ठाऊक होते. परंतु घरात खर्चाचा शब्द आज्जीचा चाले, आणि आज्जी म्हणाली, "पिशवीच शिवायची न्हवं? ती मी शिवतो."

आज्जीने गादीच्या जुन्या खोळीचे जाड कापड काढले, तंबोऱ्याची उंची सुतळीने मोजली, भोपळ्याचा घेर मोजला आणि दोन दिवसांत हाताने एक सरळसोट पिशवी शिवली. टाके बारीक आणि सरळ होते. तंबोरा आत गेला, तोंडाला नाडी ओढली, आणि आम्हा सर्वांना वाटले की काम झाले.

त्याच महिन्यात आत्तीला इचलकरंजीला गाण्याचे बोलावणे आले. आम्ही दोघी एस. टी. ने निघालो. तंबोरा आत्तीच्या मांडीवर आडवा आणि त्याचे टोक माझ्या मांडीवर, असा आमचा प्रवास झाला. रस्त्याच्या प्रत्येक गचक्याला तंबोरा पिशवीच्या आत सरकत होता, कारण भोपळ्याच्या मापाची ती पिशवी दांडीला चौपट सैल होती. मुक्कामी पोहोचल्यावर आत्तीने नाडी सोडली आणि तंबोरा बाहेर ओढला, तेव्हा वरची एक खुंटी कापडाच्या घडीत अडकलेली होती. ती फिरली. एक तार तुटली. घोडी जागची सरकली आणि जाता जाता तबलीवर, म्हणजे भोपळ्याच्या तोंडावर बसवलेल्या लाकडी पाटावर, बोटभर लांबीचा एक ओरखडा उठवून गेली. तो आवाज मी अजून विसरलेले नाही. आत्ती त्या दिवशी दुसऱ्याचा तंबोरा मागून घेऊन गायली, आणि परतीच्या प्रवासात तिने एस. टी. च्या खिडकीतून बाहेर बघण्यापलीकडे काही केले नाही.

घरी आल्यावर आज्जीने ओरखड्यावरून बोट फिरवले. ती काही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तिने मला बोलावले, गाठी मारलेली तीच सुतळी माझ्या हातात दिली आणि गल्लीच्या तोंडाशी बसणाऱ्या शिंपीमामांकडे पाठवले.

मी मामांसमोर उभी राहून म्हटले, "मामा, गवसणी शिवायची आहे."

मामांनी मशीनचे चाक हाताने थांबवले आणि विचारले, "कशाची?"

श्रोतेहो, या एका प्रश्नाकडे मी आपले लक्ष वेधू इच्छिते. मामांनी गवसणी म्हणजे काय असे विचारले नाही, केवढी असेही विचारले नाही. त्यांनी कशाची असे विचारले. नुसती गवसणी नसतेच. गवसणी नेहमी कशाची तरी असते. ज्याची आहे त्याच्याशिवाय तिला आकार नाही. मी तंबोऱ्याची असे सांगितले आणि सुतळी पुढे केली. त्यांनी सुतळीला हातसुद्धा लावला नाही. ते म्हणाले, "सुतळीवर खोळ शिवत्यात, बाळ. गवसणी अंगावर बेताय लागती. सांजच्याला मीच येतो."

ते आले, आणि पाऊण तास नुसते बघत बसले. आधी त्यांनी भोपळ्यावर तळहात ठेवून सावकाश सगळीकडे फिरवला, मग टेप काढली. भोपळ्याचा घेर ४२ इंच भरला. त्यानंतर गळ्यापाशी, दांडीच्या मध्यावर आणि खुंट्यांच्या खाली अशी तीन मापे त्यांनी घेतली. प्रत्येक खुंटी किती बाहेर येते तेही मोजले आणि घोडीची उंची तर दोनदा मोजली. आज्जी दारात उभी होती. मामांनी विचारले, "आक्का, अस्तराला काय देताय?" आज्जी आत गेली आणि तिने स्वतःचे, धुऊन धुऊन मऊ झालेले एक लुगडे आणून त्यांच्या पुढ्यात ठेवले.

आठ दिवसांनी गवसणी आली. ती मी आपल्याला जरा जवळून दाखवते. बाहेरून मांजरपाट, आतून आज्जीचे लुगडे, आणि दोहोंच्या मध्ये पिंजलेल्या कापसाचा थर, जागच्या जागी राहावा म्हणून धावदोऱ्याने उभा-आडवा पकडलेला. भोपळ्याच्या पाठीकडची गोलाई आठ कळ्या जोडून साधलेली होती. दांडीकडे ती निमुळती होत जाई, खुंट्यांपाशी पुन्हा रुंद होई, आणि प्रत्येक खुंटीला वळायला जागा राही. घोडीच्या भोवती मामांनी कापसाचे एक कडे शिवले होते, घोडीपेक्षा किंचित उंच, म्हणजे वरून काही दाबले गेले तरी भार त्या कड्यावर यावा आणि घोडीला कापडाचा स्पर्शही होऊ नये. आणि ती सबंध एका बाजूने उघडत असे. तंबोरा तिच्यातून ओढून काढावा लागत नसे; बंद सोडायचे, कापड दोन्हीकडे पसरायचे आणि तंबोरा उचलून घ्यायचा. आत्तीने बटणे का लावली नाहीत असे विचारले, तेव्हा मामा म्हणाले, "बटन लाकडाला लागतं, ताई. बंद लागत न्हाईत."

आज्जीने शिवली होती ती खोळ होती. मामांनी शिवली ती गवसणी. वस्तू जिच्यात कशीबशी मावते ती खोळ. जी वस्तूला सगळीकडून, तिच्या प्रत्येक उंचवट्यासह आणि खळगीसह, वेढते ती गवसणी.

त्याच वर्षी आमच्या पुस्तकात तो वाक्प्रचार आला. गुरुजींनी फळ्यावर 'अशक्य गोष्ट करू पाहणे' असा अर्थ लिहून दिला, आणि मी शाळेतून येताना मामांच्या दुकानात थांबून त्यांना विचारले की आकाशाला गवसणी का घालता येत नाही. त्यांनी प्रश्न पूर्ण गंभीरपणे घेतला. तोंडातला दोरा तोडून ते म्हणाले, "आभाळाचं माप घ्यायचं म्हंजे टेप लावायची कुठं, बाळ? बूड न्हाई, गळा न्हाई. अंगच सापडत न्हाई त्याचं."

मी पुढे अनेक शब्दकोश वापरले. या वाक्प्रचाराचा याहून नेमका अर्थ मला कुठेही वाचायला मिळाला नाही. आकाश उंच आहे म्हणून ते काम अशक्य आहे असे नव्हे. ज्याला कडच नाही त्याला मापात धरू पाहणे, हे त्या कामातले धाडस आहे.

म्हणूनच 'सुवर्णपदकाला गवसणी', 'शतकाला गवसणी', 'विजेतेपदाला गवसणी' असे मथळे वाचताना मला त्रास होतो. पदक तळहातावर मावते. ते मिळवायचे असते, पटकवायचे असते, त्याला आच्छादन शिवायचे नसते. 'गवसणे' म्हणजे सापडणे हे क्रियापद कानाला जवळचे वाटते आणि त्या ओढीने गवसणीचा अर्थ 'मिळवणे' असा होऊ लागला आहे. शब्दांचे अर्थ बदलतात, हे मलाही मान्य आहे. परंतु 'पटकावणे' आणि 'मिळवणे' हे दोन चांगले शब्द हाताशी असताना, ज्याला दुसरा शब्दच नाही असा एक शब्द त्यांच्या कामाला जुंपायचा, हे मला उधळपट्टीचे वाटते. बातमी लिहिणाऱ्या तरुण मित्रमैत्रिणींना माझी कळकळीची विनंती आहे की त्यांनी हा शब्द लिहिण्यापूर्वी मामांचा प्रश्न स्वतःला विचारावा: कशाची? वस्तू अफाट असेल, तर खुशाल लिहावे.

आता गवसण्या घरोघरी कमी झाल्या आहेत. प्रवासाला फायबरची पेटी आली आणि ती चांगली आहे, विमानातून वाद्य न्यायचे तर तिला पर्याय नाही. रियाजाला पुष्कळ ठिकाणी विजेवरचे तंबोरायंत्र आले. त्याच्या सोयीविषयी मी तक्रार करणार नाही, परंतु ज्या मुलांनी चार तारा स्वतःच्या कानाने कधी जुळवल्याच नाहीत त्यांचे सुराशी नाते वेगळे राहते, असे माझे अनुभवाने झालेले मत आहे. मिरजेच्या सतारींना आणि तंबोऱ्यांना २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, ही आपल्या भागाला अभिमान वाटावा अशी गोष्ट आहे.

आत्तीचा तंबोरा आता माझ्याकडे आहे. गवसणीचे मांजरपाट दोन ठिकाणी विरले आणि कापूस बाहेर डोकावू लागला, म्हणून गेल्या आठवड्यात मी महाद्वार रोडजवळच्या एका तरुण शिंप्याकडे गेले. मी गवसणी म्हटले तेव्हा त्याने नम्रपणे विचारले, "म्हणजे काय हो, काकू?" मी जुनी गवसणी त्याच्यासमोर पसरली. त्याने ती आधी उलटी केली. आठही कळ्यांवरून बोट फिरवत गेला आणि घोडीच्या कड्यापाशी थांबून म्हणाला, "इथं आत काहीतरी उंच हाय न्हवं?" मी हो म्हटले. तंबोरा बघितल्याशिवाय कात्री लावणार नाही असे तो आपण होऊन म्हणाला आणि संध्याकाळी घरी येऊन मापे घेऊन गेला. त्याला चेन लावायची होती. चेनीचे दात पॉलिशला लागतात हे मी त्याला सांगितले आणि बंदच लावायला लावले. अस्तराला आत्तीचे एक सुती पातळ दिले आहे. गुरुवारी न्यायला या, असे त्याने सांगितले आहे.

नमस्कार.