हिरो राहू दे, लाईटवाल्याला बोलव

(पडद्यावर: रबरबँड गुंडाळलेला जुना बूम माईक. मग निवेदन.)

चॅनेलचं नाव लिहिलेला हा पुठ्ठ्याचा ठोकळा सैल पडायचा. मोठ्या चॅनेलांच्या बूमच्या गर्दीत नेमका आमचाच फिरून पाठ दाखवायचा. मी कॅमेऱ्यामागून ओरडायचो, "ताई, लोगो!" प्रश्न न थांबवता ती अंगठ्यानं तो सरळ करायची. मी तिचा कॅमेरामन.

ताई 2004 पासून कोल्हापुरातल्या एका केबल चॅनेलवर मनोरंजनाच्या बातम्या करते. नाव सांगत नाही, तिचीच अट आहे. मानधन तीन-तीन महिने अडकायचं, पण त्यापेक्षा तिला सलतं ते वेगळंच. तेव्हा मिनी डीव्हीच्या टेप होत्या, साठ मिनिटांच्या. नव्या टेपला पैसे नसायचे, म्हणून कालच्या मुलाखतीवर आजची मुलाखत. तिची पहिली पाच-सहा वर्षं अशी पुसली गेली. या फिल्ममध्ये ती दिसणार नाहीत, कारण ती आता कुठंच नाहीत.

(पडद्यावर: मोरेवाडी, चित्रनगरी.)

बाबूराव पेंटरांची महाराष्ट्र फिल्म कंपनी कोल्हापूरची. प्रभातही 1929 मध्ये इथंच सुरू झाली, 1933 ला पुण्याला गेली. चित्रपट महामंडळाचं मुख्य कार्यालय आजही इथं आहे. फक्त हिरो इथले नाहीत. ते मुंबईहून येणार, तांबडा-पांढरा ओरपणार, पॅकअप झालं की गाडीत बसणार. बाईटच्या, म्हणजे कॅमेऱ्यापुढं दोन वाक्यं बोलून घेण्याच्या रांगेत लोकल चॅनेल शेवटी.

एकदा चित्रनगरीत तीन तास उन्हात उभं करून हिरो तसाच निघून गेला. पाचच्या आत टेप ऑफिसात पोचवायची, आणि टेप कोरी. ताईनं इकडंतिकडं बघितलं. एक म्हातारा लाईटमन केबल गुंडाळत बसला होता, कोपर ते पंजा, कोपर ते पंजा.

"काका, किती वर्षं झाली?"

"बाबांच्या टायमापासनं."

बाबा म्हणजे भालजी पेंढारकर. म्हातारा जयप्रभा स्टुडिओतल्या दिवसांवर बोलत सुटला. केबल गुंडाळून झाली, बोलणं संपेना. एडिटरनं त्याची चाळीस सेकंदं ठेवली. रात्री बातमी लागली आणि मंगळवार पेठेतनं फोन सुरू, "अवो, ते आमच्या गल्लीतलं आजोबा!" हिरोच्या बातमीला असा फोन कधी आला नव्हता. तेव्हापासून सेटवर पोचलो की ताई म्हणायची, "हिरो राहू दे, लाईटवाल्याला बोलव."

मग मेकअपवाले, घोडे पुरवणारे, गर्दीत उभ्या राहणाऱ्या बायका, सगळे तिच्या बूमसमोर आले. 'तुझ्यात जीव रंगला' या मालिकेमुळं वसगड्याचा वाडा बघायला लोकांची रीघ लागली, तेव्हाही ती वाड्याकडं पाठ करून भेळवाल्याशी बोलत होती. 2022 मध्ये जयप्रभा स्टुडिओ वाचवण्यासाठी कलाकार-तंत्रज्ञ उपोषणाला बसले. मंडपातल्या निम्म्या लोकांना ती नावानं हाक मारत होती. बाकीचे पत्रकार तिलाच विचारत होते, हे कोण, ते कोण.

(पडद्यावर: केशवराव भोसले नाट्यगृह, रात्र. मूळ आवाज तसाच ठेवावा.)

8 ऑगस्ट 2024. दुसऱ्या दिवशी गायक-नट केशवराव भोसल्यांची जयंती. शाहू महाराजांनी 1915 मध्ये उभं केलेलं पॅलेस थिएटर, म्हणजेच हे नाट्यगृह, आमच्या डोळ्यांदेखत जळत होतं. आगीची बातमी हे ताईचं कामच नव्हे, पण गर्दीतून आधी पोचलो आम्ही दोघंच. मी रेकॉर्डिंग सुरू केलं. तिनं बूम तोंडापाशी नेला. काही बोलली नाही. माझा कॅमेरा चालूच.

शेजारी नेपथ्य लावणारा एक कामगार उभा होता. तिनं बूम त्याच्यापुढं धरला. प्रश्न विचारलाच नाही.

तो म्हणाला, "ताई, माझी हातोडी आत ऱ्हायली."

हे फुटेज मी परवा पुन्हा बघितलं. बूमचा ठोकळा फिरलेला आहे, चॅनेलचं नाव दिसत नाही. तिनं तो सरळ केला नाही, आणि मीही ओरडलो नव्हतो.